पुलियावरचे माननीय सदस्य

रविवार, दिवाळीनंतरचा दुसरा. स्थळ: आमच्या मराठी मंडळाचं सभागृह, भिलाई. विषय: माजी आमदार श्री. मारोतराव लांजेवार यांचा निरोप समारंभ.

उपस्थित: मंडळाचे अध्यक्ष हटवारकाका, स्वयंपाकघर सांभाळणारी शोभा भोयर, सत्कारमूर्तींचा मुलगा सुनील, नागपूरहून गाडी घेऊन आलेला, मंडळाची बाकी कुटुंबं, लेकराबाळांसह, आणि मी, वंदना बोरकर, सचिव. सत्कारमूर्ती स्वतः: सुरुवातीला उपस्थित, नंतर बहिर्गमन.

हा शेवटचा शब्द माझा नाही, मारोतभाऊंचा आहे. विधानसभेत एखादी गोष्ट पटली नाही की विरोधी पक्षाचे सदस्य घोषणा देत उठून बाहेर जातात. मराठीत त्याला सभात्याग म्हणतात. भाऊ आमदार होते ते रायपूरच्या विधानसभेत, तिथला सगळा कारभार हिंदीत, म्हणून त्यांचं ते बहिर्गमन. भाऊ एकदाच निवडून आले, पाच वर्षं बसले आणि पडले. त्याला बराच काळ लोटला. आमदारकी सुटली, पण बहिर्गमन सुटलं नाही.

कार्यक्रम उशिरा सुरू झाला, पोह्यात शेंगदाणे नाहीत, हळदीकुंकवाच्या दिवशी पुरुषांना चहा मिळाला नाही, माइक किरकिरतो आहे, यांपैकी काहीही पुरतं. भाऊ उठतात. उजवा हात वर करतात. आवाज एकदम मोठा होतो. “अध्यक्ष महोदय, आमचा पक्ष याचा निषेध करते अन् सदनातून बहिर्गमन करते.” आणि धोतराचा सोगा सावरत चालू लागतात. पक्षात ते एकटेच असतात.

जातात फार लांब नाही. सभागृहाच्या फाटकासमोर नाला आहे आणि नाल्यावर छोटा पूल. इथं त्याला पुलिया म्हणतात. पुलियाच्या बुटक्या कठड्यावर भाऊ बसतात. तोंड रस्त्याकडे, पण मान अशी जराशी वळवलेली, की दारातून कोण येतं ते दिसावं. मग कोणीतरी जाऊन म्हणायचं, “माननीय सदस्यांनी आत यावं.” भाऊ थोडा वेळ आभाळाकडे बघतात. पक्षाशी विचारविनिमय करतात म्हणा. मग येतात, आणि ज्या पोह्यांचा निषेध केला त्यांच्या दोन बशा खातात.

मी याद्या करणारी बाई आहे. शाळेच्या ऑफिसात इतकी वर्षं काढली, दुसरं काय येणार. मंडळाच्या प्रत्येक कार्यक्रमाची माझी यादी ठरलेली: खुर्च्या, माइक, पिण्याचं पाणी, फुलं, दिवा, तेल, काडेपेटी. त्यात शेवटचं काम, “भाऊंना आत आणणे”. आणि प्रत्येक कामापुढे करणाऱ्याचं नाव. या कामापुढे बहुतेक वेळा शोभाचं नाव असतं, कारण तिच्या हाताशी खायचं काहीतरी असतं आणि भाऊ लवकर मानतात.

आता भाऊ आमदार कसे झाले ते सांगते, कारण अजून पुष्कळ लोकांना ते कोडंच आहे.

भाऊ वैनगंगेकडचे. भंडारा जिल्ह्यातलं धानाचं गाव, चार भाऊ, जमीन एकाला पुरेल एवढी. म्हणून हे तरुणपणी भिलाईला आले आणि पोलादाच्या प्लांटमध्ये लागले. कोक ओव्हनच्या धगीत अर्धं आयुष्य गेलं. पुढारीपण सुरू झालं कँटीनच्या समोशावरून. समोसा दिवसेंदिवस लहान होतो आहे, ही गोष्ट सगळ्यांनाच दिसत होती. भाऊंनी एक जुना समोसा वाळवून जपून ठेवला होता. तो त्यांनी कँटीन कमिटीच्या बैठकीत नव्या समोशाशेजारी टेबलावर ठेवला आणि एक शब्द न बोलता खाली बसले. समोसा वाढला. भाऊ कमिटीवर गेले, कमिटीवरून युनियनमध्ये.

पुढे निवडणूक आली. पक्षातल्या दोन वजनदार माणसांना तिकीट हवं होतं आणि दोघांनाही दुसऱ्याला ते मिळू द्यायचं नव्हतं. रात्रंदिवस भांडून दोघंही एका मुद्द्यावर आले: देयाचंच असन तं मारोतले द्या. मारोतपासून कोणाला धोका नाही, असं दोघांचंही मत. त्यामुळे दोघांच्याही माणसांनी भाऊंचं काम केलं आणि भाऊ चक्क निवडून आले. पक्ष मात्र राज्यात हरला, म्हणून बसले विरोधी बाकावर. पुढच्या निवडणुकीत त्या दोघांनी ही चूक पुन्हा केली नाही.

प्रचारात भाऊ उतईकडच्या गावांत छत्तीसगढी बोलत, रसमड्याच्या कारखान्यांच्या गेटवर हिंदी आणि घरी मराठी. भाषण रंगलं की तिन्ही एका वाक्यात येत. लोकांना वाटे, हा माणूस आपल्याच भाषेत बोलतो आहे, बाकीचे शब्द विधानसभेचे असतील.

विधानसभेत त्यांनी काय केलं, असं कोणी विचारलं की भाऊ खुर्चीत सरळ होतात. “माझा प्रश्न तारांकित होता,” म्हणतात. एखादा बाप ‘पोरगी मेरिटात आली’ म्हणतो ना, त्या सुरात. प्रश्न होता याच नाल्याचा. खंड क: नाल्यावर पूल नसल्यानं पावसाळ्यात शाळेच्या लेकरांना लांबचा वळसा पडतो, हे खरं आहे का? खंड ख: असल्यास, पुलिया बांधणार का? खंड ग: केव्हा? सरकारचं उत्तर भाऊंना अजून मंत्रासारखं पाठ आहे. “खंड क, जी हाँ. खंड ख, जी हाँ. खंड ग, समय-सीमा बताना संभव नहीं.”

या उत्तरानं त्यांच्या घरात मुक्कामच ठोकला. कौसल्याकाकूंनी, म्हणजे भाऊंच्या बायकोनं, स्वयंपाकघरातून विचारावं, “दळन आनलं का? अन् नळवाल्याले सांगतलं का?” भाऊ पेपर खाली न करता म्हणत, “खंड क, जी हाँ. खंड ख, जी नहीं.” “मंग कवा सांगता?” “समय-सीमा बताना संभव नहीं.” न आवडणाऱ्या भाजीबद्दल विचारलं तर, “प्रश्न उपस्थित नहीं होता.”

बाजारातही तेच. कोचईच्या, म्हणजे अळकुड्यांच्या, आणि वांग्यांच्या टोपल्या लावून बसलेल्या एका म्हातारीला ते एकदा म्हणाले, “माननीय सदस्या, ही वांगी आजची का कालची? याच्यावर माझा एक पूरक प्रश्न आहे.” म्हातारीनं तराजू खाली ठेवला. “कालि के आय विधायकजी, फेर तोर ले ताजा हे.” कालचीच आहेत, पण तुझ्यापेक्षा ताजी. भाऊंनी तिथेच हात जोडले आणि वांगी घेतली. घरी येऊन सांगितलं, उत्तर समाधानकारक होतं.

पुलिया झाली, पण भाऊ पडल्यानंतर. कठड्यात दगड बसवला आहे आणि त्यावर पुढच्या आमदारांचं नाव कोरलेलं आहे. पाहुणा आला की भाऊ त्याला पुलिया दाखवायला नेत. खिशातला रुमाल काढून दगडावरच्या नावावर धरत आणि विचारत, “आता पाहा. पूल कोनाचा वाटते?” बहिर्गमन करून बसतात तेही नेमके त्या दगडावर, पाय खाली सोडून, असे की नाव पोटऱ्यांमागे झाकलं जावं. एवढा एकच सूड मी त्यांना घेताना पाहिला आहे.

पडल्यावरही लोक त्यांच्याकडे येत राहिले. कोणाचं रेशन कार्ड, कोणाचं दवाखान्यातलं काम. भाऊ फोन लावत. “मी पूर्व विधायक बोल रहा हूँ.” यातलं ‘पूर्व’, म्हणजे माजी, ते खोकल्यात मिसळत. काम झालं तर झालं. नाही झालं तर भाऊ स्वतः त्या माणसाबरोबर जाऊन दवाखान्याच्या बाकावर बसून राहत. माझ्या सासूबाईंच्या ऑपरेशनच्या वेळी दिवसभर बसले होते. काही केलं नाही, कोणाला भेटले नाहीत. दर थोड्या वेळानं मला विचारत, “सचिव महोदया, तुमचं जेवन झालं का? नाही? याची सदन नोंद घेते.” आणि केळी आणून देत.

घरचं बहिर्गमन वेगळं असे. भाऊंच्या अंगणात मुनग्याचं झाड आहे. मुनगा म्हणजे शेवगा. वरणात मीठ नाही, चहा गार आहे, असं काहीतरी मोठ्यानं जाहीर करून भाऊ त्या झाडाखाली जाऊन उभे राहत. पाठ घराकडे, हात मागे बांधलेले. थोड्या वेळानं कौसल्याकाकू बाहेर येत. एका हातात कपबशी. दुसऱ्या हातानं डोक्यावर पदर घेत. “माननीय सदस्य, सदन तुमची वाट पाहून राहिलं.” आम्ही शेजारचे आपापल्या ओट्यावरून ऐकत असू आणि हसत असू. भाऊंना आमदारकीची हवा लागली आहे आणि काकू बिचारी ती सांभाळून घेते, असं सगळ्या कॉलनीचं मत होतं. माझंही.

काकू गेल्या त्याला दोन पावसाळे झाले. कावीळ झाली, आणि फार दिवस दिले नाहीत तिनं. त्यानंतर मुनग्याखाली भाऊ उभे दिसले नाहीत. मंडळातली बहिर्गमनं मात्र वाढली. पूर्वी वर्षातून दोनदा, तर आता जवळपास प्रत्येक कार्यक्रमात. शोभा म्हणाली, “भाऊ आता आपल्यालेच सरकार समजून राहिले, वंदनाताई.” मी म्हटलं, वय झालं. आणि यादीत ते काम कायमचं टाकलं.

सुनील त्यांचा एकुलता. नागपुरात विमा कंपनीत आहे, बायको बँकेत, घर सातव्या मजल्यावर. मुलगा सालस आहे, दर रविवारी फोन करतो. भाद्रपदात भाऊ बाजारात चक्कर येऊन पडले, भाजीवालीनं सावलीत नेऊन बसवलं. हे सुनीलला चार दिवसांनी दुसऱ्याच कोणाकडून कळलं. तेव्हापासून त्यानं धरलं: बाबा, आता इथं एकटं राहायचं नाही, नागपूरला चला. भाऊंनी विरोध केला नाही. त्याचंच मला नवल वाटलं. “खंड क, जी हाँ,” एवढंच म्हणाले. सामान बांधलं, घराची किल्ली हटवारकाकांकडे द्यायचं ठरलं. दिवाळी इथं करून दुसऱ्या रविवारी निघायचं.

म्हणून आजचा निरोप समारंभ. माझी यादी: दीपप्रज्वलन, अध्यक्षांचं भाषण, सुनीलचे दोन शब्द, मानपत्र, शाल-श्रीफळ, आभार, जेवण. जेवणात पुरी, बटाट्याची भाजी आणि भाऊंना आवडते म्हणून कढी. जेवण झालं की गाडी निघणार. भाऊंना आत आणायचं काम शोभाकडे, नेहमीप्रमाणे. पण स्वतःच्याच निरोपातून कोणी उठून जात नाही, म्हणून ते यादीत टाकावं की नाही याचा मी जरा विचार केला होता. टाकलं ते बरं झालं.

हटवारकाका रेल्वेत गार्ड होते. भाषण करतात तेही हिरवी झेंडी दाखवल्यासारखं. “मारोतराव चांगला मानूस. आमाले आठवन येईन. जय हिंद.” बसले. मग सुनील उभा राहिला. त्यानं सगळ्यांचे आभार मानले, आईची आठवण काढली, आणि अगदी मनापासून म्हणाला, “बाबांनी खूप केलं. अब बस आराम. आता त्यांना कशाची काळजी नाही, काही करायचं नाही, कुठे जायचं नाही.”

टाळ्या पडल्या. टाळ्या थांबायच्या आत भाऊ उठले. हात वर. “अध्यक्ष महोदय, आमचा पक्ष याचा निषेध करते.” पुढचं वाक्य अर्ध्या सभागृहानं त्यांच्याबरोबर म्हटलं. लेकरं हसली. भाऊ नवं धोतर सावरत दारातून बाहेर गेले. सुनील ओशाळून म्हणाला, “राहू द्या ताई, ते असेच. येतील पाच मिनिटांत आपोआप.”

शोभाचे हात तेलाच्या कढईपाशी अडकले होते. “ताई, तुमीच जा ना आज,” ती आतून म्हणाली. “मी पुरी सोडली आहे.” तेव्हा मी गेले. इतक्या वर्षांत त्यांना बोलवायला मी पहिल्यांदा गेले, कारण माझं काम नाव लिहायचं, जायचं नाही.

भाऊ दगडावर बसले होते. मी माझ्या नेहमीच्या घाईत म्हटलं, “माननीय सदस्यांनी आत यावं. पुऱ्या होऊन राहिल्या आहेत, मानपत्र राहिलं आहे.”

“निषेध कायचा होये, हे नाही इचारलं तुमी, सचिव महोदया.”

“कशाचा?”

“मानसाले न इचारता आराम देऊन राहिले, त्याचा.” मग म्हणाले, “बस ना जरा, वंदना.”

त्यांनी मला नावानं हाक मारलेली मला आठवत नव्हती. मी बसले.

“पयल्या अधिवेशनातली गोष्ट,” भाऊ म्हणाले. “नवा कुर्ता, नवे जोडे. काय चालू आहे, काई समजून नोयतं राहिलं. आमच्या नेत्यानं हात वर केला, सारे उठले, मीबी उठलो. कावून उठलो ते मले मालूम नाही. घोषना देल्या, बाहेर आलो. मोठं झाड होतं एक, त्याच्याखाली उभा रायलो. बाकीचे चहा प्याले गेले.”

“मग?”

“मंग काय. मले वाटलं, असंच असते. आपल्याकडे लग्नात नवरदेवाचा मामा रुसते ना, मांडवातून उठून जाते, अन् पाच-दहा जन त्याले मनवाले जातेत, तवा तो येते. आपल्या मनानं आला तं त्याची काय इज्जत. मी म्हनलं, सरकार येईन, हात जोडन, मंग जाऊ. अन् हे लोक चहा पेऊन दुसऱ्या दारानं आत जाऊन बसले. रिवाजच तसा होता. निषेध झाला, नोंद झाली, खतम. मले कोनी सांगतलंच नाही.”

“किती वेळ उभे होता?”

“ऊन या बाजूचं त्या बाजूले गेलं. तिथला शिपाई आला. म्हने, साहब, किसका इंतज़ार है? मी म्हनलं, सदन का. तो म्हने, सदन तो कब का उठ गया, साहब.”

मला हसू आलं. भाऊही हसले. मग म्हणाले, “मी नोयतो हे कोनाच्या ध्यानातच आलं नाही, बाई. पूर्ण पक्षात.”

त्या दिवशी ते रायपूरहून बसनं आले, आमदार असून उभ्यानं. वाटेत कुम्हारीला जागा मिळाली, पण बसावंसं वाटलं नाही. घरी येऊन काकूंना सगळं सांगितलं. “लय हासली. पोट धरून हासली. मंग एकदम चूप झाली. म्हने, कोनीच नाही आलं बलावाले? मी म्हनलं, नाही. सकाळी मी कायावरून तरी चिडलो, जाऊन मुनग्याखाली उभा रायलो. तं मांगून आली, चहा घेऊन. डोक्यावर पदर घेतला अन् म्हने, माननीय सदस्य, सदन तुमची वाट पाहून राहिलं.”

नाल्यात एक बगळा उभा होता. भाऊ त्याच्याकडे बघत राहिले.

“त्याच्यानंतर मले सवयच लागली. तुमी सारे म्हनत होते, मारोतले आमदारकी चढली. मले कायचाबी राग नसे, वंदना. मीठ बरोबर असे.”

मी हातातली यादी दुमडून ठेवली.

“ते गेली, त्याच्यानंतर एक दिवस गेलो मुनग्याखाली. सवयीनं. उभा रायलो. मंग आपला आपनच आत आलो. चहा मांडला.” त्यांनी पाय हलवले. “घरून जानं बंद केलं तवापासून. इथं बरं आहे. इथं शोभा येते.”

“आणि नागपूर?”

“पोरगं चांगलं आहे. सूनबी चांगली. पन दोघं सकाळी कामाले जातेत, रातच्याले येतेत. सातवा माळा. बाहेर कुठी जाऊ? लिफ्टनं खाली उतरू अन् वॉचमनपाशी उभा राहू? त्याले म्हनू, अध्यक्ष महोदय?” मग हळू म्हणाले, “बाहेर जानं सोपं आहे. बलावाले कोनी येईन का नाही, हे पाहून जा लागते.”

“हे सुनीलला सांगितलं का तुम्ही?”

“प्रश्न उपस्थित नहीं होता.”

“कावून नाही होत?” मी विचारलं. मलाही माहेरची भाषा आली तोंडात.

“तो तवा होस्टेलात. त्याले वाटते बापाले हवा लागली होती. वाटू दे. मायनं केलेली गंमत होती ते. हिशेब देल्यावानी कसं सांगू पोराले?”

मी उठले. त्यांना आत या म्हटलं नाही. एकटीच परत आले. दारात सुनील घड्याळ बघत उभा होता. “काय म्हणतात? ताई, निघायला पाहिजे, पुढे हायवेला ट्रकांची गर्दी होते.”

मी त्याला स्वयंपाकघरात नेलं. जे ऐकलं ते होतं तसं सांगितलं, थोडक्यात, जसं मला येतं तसं. झाड, शिपाई, बस, मुनगा. मिठाचंही सांगितलं. शोभानं गॅस बंद केला आणि झारा हातात घेऊन तशीच उभी राहिली. सुनीलनं परातीतली एक पुरी उचलली आणि परत ठेवली.

“मला तर आई नेहमी म्हणायची, तुझ्या बाबांचं हे असंच चालते,” तो म्हणाला. “मुझे किसी ने बताया ही नहीं.” मग म्हणाला, “मी जाऊ का? काय म्हणायचं असतं?”

शोभानं कपात चहा ओतला, बशी दिली. मी वाक्य सांगितलं. तो म्हणून बघू लागला. “सदन आपकी…”

“मराठीत रे,” शोभा म्हणाली. “तुझ्या मायच्या मराठीत.”

“सदन तुमची वाट… पाहून राहिलं.” त्याच्या घरी लेकरांशी हिंदीच चालते, हे मला माहीत होतं. वाक्य त्याच्या तोंडात जरा अडखळलं, पण नीट बाहेर आलं. पदर कुठून आणणार, म्हणून त्यानं उगाच केसांवरून हात फिरवला आणि गेला. चालता चालता अर्धा चहा बशीत सांडला.

आम्ही खिडकीशी गोळा झालो. हटवारकाकांना सगळ्यांत पुढची जागा दिली, कारण त्यांना लांबचं नीट दिसतं, ऐकू मात्र येत नाही. तसं ऐकू आम्हालाही काही आलं नाही. सुनील भाऊंसमोर उभा राहिला, कप पुढे केला, आणि ओठ हलले. भाऊंनी मान वर करून त्याच्याकडे पाहिलं. आता उठतील, असं आम्हाला वाटलं. आजवर इतका वेळ कधी लागला नव्हता.

भाऊ उठले नाहीत. बाजूला सरकले. सरकले तसं दगडावरचं नाव उघडं पडलं. सुनील तिथं बसला आणि त्याच्या पॅन्टमागे नाव पुन्हा झाकलं गेलं. कप सुनीलकडे राहिला, बशी भाऊंनी घेतली. भाऊंचा हात हलू लागला: इकडे झाड, तिकडे दार, इथून ऊन गेलं तिथं. सुनील ऐकत होता. एकदा तो हसला आणि मग चष्मा काढून पुसत बसला.

थोड्या वेळानं तो उठून गाडीकडे निघाला. “झालं,” शोभा म्हणाली. “चालले.” गाडीत भाऊंची वळकटी, ट्रंक, काकूंचा फोटो, सगळं सकाळीच भरून झालं होतं. सुनीलनं गाडी सुरू केली. फाटकासमोरच्या उन्हातून ती मागे घेतली, पलीकडच्या कडुनिंबाच्या सावलीत लावली, बंद केली, आणि येऊन पुन्हा भाऊंशेजारी बसला.

इकडे मानपत्र वाचायचं राहिलं आहे. शाल घडीतच आहे. पुऱ्या फुगायच्या त्या फुगून बसल्या, लेकरांनी दोन-दोन पळवल्याही. शोभा हात पुसत येऊन विचारून गेली, “आता कोन जाते बलावाले?” हटवारकाका खुर्चीतून उठू लागले, मी त्यांना म्हटलं, बसा.

बाहेर आता दोन सदस्य आहेत. त्यांना आत आणायचं काम मी यादीत लिहिलं आहे. पुढे अजून कोणाचं नाव टाकलेलं नाही.